रहांगडाले सर आणि लाल शिलाई

माझ्या गाडीतली डावीकडची सीट आता रिकामी असते. गोंदियाजवळच्या फुलचूरहून शाळेपर्यंत मी एकटी जाते, हवी ती गाणी लावते, आणि खरं सांगायचं तर सुरुवातीला मला फार बरं वाटलं. त्या सीटवर जवळजवळ दीड वर्ष रहांगडाले सर बसत होते आणि दीड वर्ष एकाच विषयावर बोलत होते. त्यांना जी गाडी घ्यायची होती तिचं साधं मॉडेल घ्यावं की स्पोर्टी पॅकेजवालं, हा तो विषय. एवढ्या वेळात माणूस दुसरी भाषा शिकतो, वजन कमी करतो, घर बांधून राहायलासुद्धा जातो.

शालिकराम रहांगडाले आमच्या शाळेत भूगोल शिकवायचे आणि मी गणित. घर माझ्या मागच्याच गल्लीत. उंच, बारीक माणूस, अंगात कायम पांढरा शर्ट आणि खिशात दोन पेनं. दोन कशाला, असं मी एकदा विचारलं, तर म्हणाले, "कोनता चांगला चालते थे अजून ठरलं नाही जी." मला तेव्हाच सावध व्हायला हवं होतं. पण त्यांची जुनी स्कूटर एका सकाळी रस्त्यातच कायमची बसली, आणि मी सहज बोलून गेले, "सर, नवी गाडी येईपर्यंत माझ्यासोबत चला." नवी गाडी म्हणजे दोन-तीन महिने, असा माझा हिशोब. गणिताच्या बाईचा हिशोब इतका कधी चुकला नव्हता.

गाडी घ्यायची होती ती निर्मलाताईंसाठी, म्हणजे सरांच्या पत्नीसाठी. ताईंच्या पाठीचे मणके खराब झाले होते. कमरेला पट्टा बांधून त्या घरातलं सगळं करायच्या, पण एसटीत बसणं त्यांना जमत नव्हतं. त्यांचं माहेर कोहमाऱ्याच्या पुढे, जंगलाच्या कडेला. कोहमाऱ्यापर्यंत बस आणि पुढे खड्ड्याखड्ड्यातून ऑटो. तिथे त्यांची म्हातारी आई होती. आमच्याकडे दिवाळी झाली की गावोगावी मंडई भरते. दिवसा बाजार, रात्री दंडार म्हणजे नाचगाण्याचं लोकनाट्य, आणि लग्न होऊन गेलेल्या लेकी त्या दिवशी माहेरी येतात. ताई दोन वर्षं मंडईला गेल्या नव्हत्या. आई फोनवर एवढंच विचारायची, "औंदा येशीन ना वो?" आणि ताई म्हणायच्या, "गाडी घेऊन राहिले, माय. गाडीनंच येतो."

हे सगळं सरांना माहीत होतं. ते स्वतःच सांगायचे, "हिच्यासाठीच तं घेऊन राहिलो गाडी." आणि मग पुढचा प्रश्न.

"मॅडम, दोन्हीत इंजिन तेच आहे ना जी?"

"तेच आहे, सर."

"गिअर?"

"तेच."

"मंग ज्यादा पैसे कायचे घेऊन राहिले थे?"

"काळ्या चाकांचे, मागच्या पंखाचे आणि लाल शिलाईचे."

यावर सर खिडकीबाहेर बघायचे. मग हळूच म्हणायचे, "शिलाई मस्त आहे पन."

तर ही लाल शिलाई. स्पोर्टी पॅकेजमध्ये चाकं मोठी आणि काळी, टायर पातळ, स्प्रिंगा जरा कडक, मागे एक छोटा पंख, दारावर इंग्रजी अक्षरांचा बिल्ला, आणि सीटवर व स्टिअरिंगवर लाल धाग्याची शिलाई. बाकी गाडी तीच. मी पहिल्याच आठवड्यात सांगितलं होतं, "सर, साधी घ्या." त्यांनी ते नीट ऐकून घेतलं, मान डोलावली आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारलं. त्यांना उत्तर नको असायचं, मत हवं असायचं, आणि मतं त्यांना कितीही चालायची.

ही सवय काही गाडीपुरती नव्हती. एका वर्षी त्यांनी होळीला कूलर बघायला सुरुवात केली. लोखंडी की प्लास्टिकचा, गवताचा की जाळीचा, असा कीस काढत अख्खा मे महिना गेला. गोंदियाचा मे महिना. नवराबायको ओल्या चादरी अंगावर घेऊन गच्चीवर झोपले. कूलर आला तेव्हा पाऊस सुरू झाला होता. मी विचारलं तर म्हणाले, "घाई कायले? घाईत आनलेल्या बियान्यात करगा निघते." करगा म्हणजे धानासारखंच दिसणारं तण. लोंब्या येईपर्यंत ओळखू येत नाही, आणि दाणा पिकला की कापणीआधीच जमिनीवर गळून जातो. हे वाक्य सरांच्या वडिलांचं. बापानं बियाण्यापुरतं सांगितलं होतं, लेकानं ते बनियनपासून टूथब्रशपर्यंत सगळ्याला लावलं.

गाडीच्या बाबतीत त्यांनी कोणाला विचारलं नाही ते सांगणं सोपं. पंक्चरवाल्याला विचारलं. राइस मिलच्या मुनीमजींना विचारलं. नागऱ्याच्या मंदिरात जाऊन पुजाऱ्याला विचारलं, तो बिचारा म्हणाला, "महादेवाला दोन्ही सारख्याच." मोबाइलवर गाड्यांचे व्हिडिओ तर माझ्या गाडीत रोज चालायचे, तेही पूर्ण आवाजात. एका व्हिडिओखाली त्यांनी हिंदीत प्रश्न टाकला. कुठल्याशा परराज्यातल्या माणसानं उत्तर दिलं, "ले लो भाई." त्यावर सर दोन दिवस अस्वस्थ. "कोनती ले लो, थे नाही सांगतलं ना त्यानं."

शेवटी त्यांनी नववीच्या वर्गात हात वर करायला लावले. तो तास नद्यांचा होता. मतं बरोबरीत आली आणि मुख्याध्यापकांनी सरांना बोलावून घेतलं. परत येताना सर मला म्हणाले, "त्याईचंही मत घेतलं. त्याईले साधी आवडते."

एवढं वाचून कोणाला वाटेल की माणूस बावळट होता. तसं मुळीच नव्हतं, आणि म्हणूनच जास्त चीड यायची. वर्गात ते वेगळेच असायचे. एका मुलीला नकाशात गोंदिया सापडत नव्हतं. मी असते तर बोट धरून ठेवलं असतं. सरांनी तिला अख्खा तास दिला. ती नागपूरला जायची, रायपूरला जायची, एकदा तर थेट खाली हैदराबादला गेली, आणि सर प्रत्येक वेळी म्हणायचे, "जवर आली. अजून एक डाव पाह्य." तास संपता संपता तिनं बरोबर ठिकाणी बोट ठेवलं आणि वर्गानं टाळ्या वाजवल्या. मुलं त्यांच्यावर जीव टाकायची. मला फक्त एवढंच वाटायचं की ही मुलगी निदान एका तासात पोचली.

पहिल्या वर्षाची मंडई अशीच निघून गेली. ताई घरीच राहिल्या. सर म्हणाले, नवीन वर्षात गाड्या स्वस्त होतात.

मग शोरूमची वारी निघाली. आमच्याकडे मुलगी बघायला पाच माणसं जातात. पाच तोंडांनी बोललं की पुढे कोणा एकावर खापर फुटत नाही. सरांनी गाडी बघायलाही पाच माणसं जमवली. गावाहून त्यांचे मोठे भाऊ आले, मुनीमजी आले, गल्लीतले एक निवृत्त साहेब आले, सर स्वतः, आणि पाचवी मी. मोठ्या भावांनी माझ्याकडे बघून विचारलं, "बाईमानूस चालते का यात?" सर म्हणाले, "रोज मलेच तं गाडीत बसवून नेते थे." माझी निवड या गुणावर झाली.

शोरूममधली पूजा नावाची मुलगी हसतमुख होती. "सर, ये स्पोर्टीवाला देखिए, इसमें ब्लॅक अलॉय आता है," असं तिनं सुरू केलं. मोठ्या भावांनी डिकी उघडायला लावली आणि विचारलं, "धान के पोते कितने बैठेंगे इसमें?" मुनीमजींनी बॉनेटवर बोटानं टकटक केलं आणि काही कळल्यासारखी मान हलवली. साहेब गाडीभोवती हात मागे बांधून फिरले. गाडीला नाव आणि शिक्षण विचारायचं तेवढं बाकी होतं. चहा-बिस्किटं झाली. मग सगळ्यांनी मोठ्या भावांकडे पाहिलं. त्यांनी कपातला शेवटचा घोट घेतला, मिशा पुसल्या आणि निकाल दिला, "दोन्ही चांगल्या आहेत."

परत येताना सर खूश होते. मी स्टिअरिंगवर डोकं आपटून घ्यायचं तेवढं राहिलं.

त्यानंतर दोन्ही गाड्या चालवून बघायचं ठरलं. पूजानं नागऱ्यापर्यंत जाऊ दिलं. आधी साधी पांढरी, मग स्पोर्टी. रस्ता तोच, खड्डे तेच. सर चालवत होते, पूजा त्यांच्या शेजारी आणि मी मागे. साध्या गाडीत मी मजेत बसले. स्पोर्टी गाडीत पहिल्या खड्ड्यालाच माझ्या पाठीतून कळ गेली. दुसऱ्या खड्ड्याला मी पुढची सीट धरली.

"सर, ही फार आदळते आहे."

"स्पोर्टी म्हनजे असंच असते, मॅडम. रस्त्याले कसी घट्ट धरून चालते पाहा."

मंदिराजवळ त्यांनी गाडी थांबवली. मला वाटलं दर्शनाला उतरतील. ते उतरले नाहीत. स्टिअरिंगवरच्या लाल धाग्यावरून त्यांनी अंगठा फिरवला, सावकाश, पूर्ण गोल. मग आरशातून माझ्याकडे न बघताच म्हणाले, "मॅडम, आपन जन्मभर साधंच घेतलं. स्कूटर साधी, घड्याळ साधं, घराले रंगही साधा. एक गोस्ट असी असावी का मानसानं पलटून पाह्यलं पाह्यजे."

इतक्या महिन्यांत पहिल्यांदाच त्यांनी मला न विचारता काहीतरी सांगितलं होतं. मला त्यांची दया आली आणि दया आल्याचा आणखी राग आला. त्यांना काय हवंय ते त्यांना पक्कं माहीत होतं. घ्यायचं धाडस होत नव्हतं आणि सोडायची इच्छा होत नव्हती. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं.

त्याच आठवड्यात मी काही कामानं त्यांच्या घरी गेले. सर बाजारात गेले होते. ताईंनी चहा टाकला, ओट्याला एक हात टेकवून. पट्टा साडीवरूनही दिसत होता. कप माझ्या हातात देऊन त्यांनी अगदी सहज विचारलं, "मॅडम, तुमी मांगं बसला होता ना? लाल धाग्याच्या गाडीत हादरे बसतेत का?"

मी खरं ते सांगितलं.

"मंग मले तं नाही जमन थे," त्या म्हणाल्या. "आपल्या रस्त्यानं मायच्या घरापरयंत गेली तं मले चार लोकाईनं उचलून उतरवा लागन."

"तुम्ही सरांना सांगितलं नाहीत?"

"त्यायनं इचारलं कुठी?"

आवाजात तक्रार नव्हती. भाजी महागली, एवढ्या सहजपणे त्या बोलल्या. पंक्चरवाला, मुनीमजी, महादेव, नववीचा वर्ग, परराज्यातला तो भाई. काखेत कळसा आणि गावाला वळसा ही म्हण मी लहानपणापासून ऐकत आले होते, पण इतका मोठा वळसा कोणी घेतलेला पाहिला नव्हता.

"दिवारी तं आली जवर," ताई म्हणाल्या. "माय म्हने, या डाव नको येऊ, पुढच्या डाव ये. ब्यांशी वर्साची आहे थे. पुढचा डाव कोनी पाह्यला?"

दुसऱ्या दिवशी सकाळी सर गाडीत बसले, सीटबेल्ट लावला आणि सुरू झाले. "मॅडम, रात्री मनात आलं, साधी घेऊन बाहेरून काली चाकं लावली तं?"

मी गाडी रस्त्याच्या कडेला घेतली आणि बंद केली. मागून येणारा एक ट्रॅक्टरवाला आमच्याकडे बघत पुढे गेला.

"सर, एक सांगा. ही गाडी कोणासाठी?"

"हिच्यासाठी ना जी. थे तं मी कवापासून सांगून राहिलो."

"मग हिला विचारलं का कधी?"

"तिले काय इचारायचं? तिच्यासाठीच तं..." एवढं बोलून ते थांबले. नकाशावर बोट चुकीच्या गावावर ठेवलेल्या मुलासारखे दिसत होते, आणि 'अजून एक डाव पाह्य' असं म्हणायला त्या क्षणी मी काही तयार नव्हते. मी गाडी चालू केली. शाळा येईपर्यंत सर एक शब्द बोलले नाहीत. दीड वर्षातला तो पहिला शांत प्रवास, आणि मला तो काही सुखाचा गेला नाही.

संध्याकाळी त्यांनी विचारलं, "मॅडम, रविवारी शोरूमले येता का?"

"पाच माणसं?"

"नाही जी. एकच."

ते एक माणूस म्हणजे ताई. कमरेला पट्टा, हिरवी साडी, आणि हातात एक पिशवी. पिशवी कशाला म्हणून विचारलं तर म्हणाल्या, माहेरी जाताना मांडीवर पिशवी असतेच, तशीच बसून बघते. पूजानं पुन्हा त्याच दोन गाड्या काढल्या. पुन्हा तोच नागऱ्याचा रस्ता. साध्या गाडीत ताईंनी डोळे मिटून घेतले होते. स्पोर्टी गाडीत पहिल्याच खड्ड्याला त्यांचा हात वरच्या कडीकडे गेला आणि परतेपर्यंत खाली आला नाही. सरांना ते आरशात दिसत होतं. गाडी ते अगदी हळू चालवत होते, तरी व्हायचं ते होत होतं.

शोरूमच्या दारात उतरल्यावर सर त्यांच्यासमोर उभे राहिले. खिशातल्या दोन पेनांशी त्यांचा उगाच चाळा चालला होता.

"तुले काय वाटते?"

ताईंनी दोन्ही गाड्यांकडे पाहिलं. त्यांचं ठरलेलं होतं. प्रश्न तेवढा नवा होता. मग त्या म्हणाल्या, "लाल धाग्याची दिसाले चांगली आहे. खोटं कायले बोलू. पन मले मायच्या आंगनात आपल्या पायानं उतरा लागते. हे पांढरी घ्या."

सरांनी स्पोर्टी गाडीच्या उघड्या खिडकीतून हात घातला, स्टिअरिंगला एकदा हात लावला आणि किल्ली पूजाला परत दिली. मला वाटलं, सुटलो. तेवढ्यात ते पूजाकडे वळून म्हणाले, "पांढरे में कौन कौन से पांढरे आते हैं?"

"दो आते हैं, सर. एक प्लेन और एक मोतीवाला."

सरांचा चेहरा उजळला. ताईंनी पिशवी दुसऱ्या हातात घेतली. "जो पहले भेटेंगा, वो दे दो," त्या पूजाला म्हणाल्या. विषय संपला.

गाडी आली आणि माझी डावीकडची सीट मोकळी झाली. दिवाळीच्या महिन्याअखेर सर निवृत्त झाले. फुलचूरचं घर त्यांनी भाड्यानं दिलं आणि दोघं सरांच्या गावी राहायला गेले. निरोपाच्या दिवशी शाळेनं त्यांना शाल द्यायचं ठरवलं. कोणता रंग हवा हे त्यांना विचारू नका, असं मी मुख्याध्यापकांना आधीच सांगून ठेवलं होतं.

त्यानंतर ते मला एकदाच दिसले, मंडईच्या दिवसांत. मी बहिणीकडून परत येत होते आणि कोहमाऱ्याच्या एका ढाब्यावर चहाला थांबले होते. पांढरी गाडी समोरच येऊन उभी राहिली. साधी चाकं, त्यांवर प्लास्टिकच्या टोप्या. आधी सर उतरले आणि पलीकडच्या टपरीवर काहीतरी विचारायला गेले. मग डावीकडचं दार उघडून निर्मलाताई उतरल्या. पट्टा होता, पण आधार कोणाचा नव्हता. दोन्ही पाय जमिनीवर टेकून त्या सरळ उभ्या राहिल्या आणि त्यांनी पदर सारखा केला.

मी जवळ गेले. मागच्या सीटवर आईसाठी घेतलेलं नवं लुगडं होतं, चिवड्याचा डबा होता. आणि स्टिअरिंगवर काळं कव्हर होतं, घरी शिवलेलं. कडेनं सगळीकडे लाल धागा. टाके मोठे होते, एके ठिकाणी शिवण जरा तिरकी गेली होती.

"हे कोणी केलं?"

"मीनंच. सुया तीन मोडल्या," ताई म्हणाल्या. "लयच मन होतं त्यायचं."

"सरांना विचारलं होतं, कसं हवं ते?"

ताईंनी पलीकडे टपरीकडे पाहिलं. सर तिथे अजून बोलतच होते.

"इचारलं असतं," त्या म्हणाल्या, "तं हेही मंडई गेली असती."

सर आले. मला बघून त्यांना आनंद झाला, तब्येत विचारली, शाळा विचारली. मग गाडीत बसले आणि निघण्याआधी दोन्ही अंगठे त्या लाल धाग्यावर ठेवले. मी हात हलवला.

चौकापर्यंत जाऊन गाडी पुन्हा थांबली. सरांनी काच खाली केली आणि रस्त्याकडेच्या एका माणसाला काहीतरी विचारलं. तीस वर्षं जावई असलेला माणूस सासऱ्याच्या गावचा रस्ता विचारत होता. मागून एका ट्रकनं हॉर्न दिला. तेवढ्यात डावीकडच्या खिडकीतून हिरव्या बांगड्यांचा हात बाहेर आला आणि समोरच्या रस्त्याकडे बोट करून तसाच थांबला. गाडी त्या बाजूला निघाली.